घर फोडणारी बाई

(केम, ता. करमाळा, जि. सोलापूर येथे झालेल्या महिला मेळाव्यातील भाषणाचे शब्दांकन. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)



आज सकाळी लवकर पोचले, म्हणून इथल्या एका कुंकवाच्या कारखान्यात जाऊन आले. केमचं कुंकू कुठंकुठं जातं हे तुम्हाला मी सांगायला नको. तिथं पुड्या भरणाऱ्या बायांचे हात कोपरापर्यंत लाल होते. एक मावशी पंच्याहत्तरीच्या पुढच्या. काम सुटलंय त्यांचं, पण सुनेबरोबर येऊन बसतात. मी सिनेमावर बोलायला आलेय हे कळल्यावर त्या म्हणाल्या, "आमच्या वेळेला तंबूतला सिनेमा यायचा जत्रेला. त्यात ती एक यायची बघ, घर फोडणारी. ती दिसली की आम्ही कडाकडा बोटं मोडायचो." मी विचारलं, नाव काय तिचं? नाव चटकन आठवेना. तोंड मात्र लख्ख आठवत होतं. थोड्या वेळानं त्यांची सूनच म्हणाली, "शशिकला."

तर आज मी त्याच बाईबद्दल बोलणार आहे. मेळाव्याच्या पत्रिकेवर 'प्रसारमाध्यमे आणि स्त्री-प्रतिमा' असा विषय छापलाय. तेवढं जड काही नाही.

शशिकला आपल्या जिल्ह्याची. जन्म सोलापूरचा, ऑगस्ट १९३२. सोलापुरातल्या चार हुतात्म्यांना फाशी होऊन दीड वर्ष उलटलं होतं. भावसार घरातली मुलगी, आडनाव जवळकर. वडलांचा व्यापार चांगला चालायचा. भावंडं सहा. पाच वर्षांची होती तेव्हापासून ती जिल्ह्यात गावोगावच्या रंगमंचांवर नाचत-गात होती. हौस म्हणून, पैशासाठी नव्हे. पुढं वडलांनी धाकट्या भावाला शिकायला लंडनला पाठवलं. कमाईचा मोठा भाग तिकडं जायला लागला. तो शिकला, चांगल्या नोकरीला लागला आणि या घराकडे त्यानं पाठ फिरवली. वडलांचं दिवाळं निघालं. मग सगळं कुटुंब मुंबईला गेलं ते एका आशेवर, की ही मुलगी नाचते-गाते, दिसायला बरी आहे, सिनेमात हिला काम मिळेल.

हे जरा लक्षात ठेवा. जिनं पुढं पडद्यावर शंभर घरं फोडली, तिचं स्वतःचं घर बसलं ते पुरुषांच्या आपसातल्या व्यवहारात. ते सावरायला मात्र अकरा-बारा वर्षांची पोर पुढं केली गेली.

सोलापूरहून मुंबईला जाणारी रेल्वे केमवरूनच जाते. इथं उतरले तेव्हा तेच डोक्यात होतं.

मुंबईत ती या स्टुडिओतून त्या स्टुडिओत फिरली. अखेर नूरजहाँच्या नजरेला पडली. नूरजहाँचे पती शौकत हुसेन रिझवी तेव्हा 'झीनत' काढत होते. त्यात बायकांची एक कव्वाली होती. त्याआधी सिनेमात कव्वाली म्हणजे पुरुषांचं काम. या कव्वालीत गाणाऱ्याही बायका आणि पडद्यावर बसलेल्याही बायकाच. त्या घोळक्यात एक शशिकला. मिळाले २५ रुपये. सिनेमा आला १९४५ साली, तेव्हा तिला तेरावं लागलेलं. आज आपण याला बालमजुरी म्हणू. तेव्हा लोक म्हणाले, पोरगी नशीबवान आहे.

त्या काळातल्या बहुतेक नट्यांची कहाणी अशीच निघते. मास्टर विनायक १९४७ साली वारले. त्यांची मुलगी नंदा तेव्हा आठ वर्षांची होती. वर्षभरात ती 'बेबी नंदा' म्हणून पडद्यावर आली आणि घर तिच्यावर चाललं. लीला चिटणीस घटस्फोटानंतर मुलांना वाढवायचं म्हणून नाटक-सिनेमाकडे वळल्या. चांगल्या घरच्या बायका सिनेमात जात नाहीत असं म्हणायचं, आणि चांगल्या घराची चूल विझली की घरातल्या बाईलाच तिकडं पाठवायचं, अशी ही रीत. फिल्मफेअरनं साहाय्यक अभिनेत्रीचं पारितोषिक १९५५ साली सुरू केलं, ते पहिलंच उषा किरण यांना मिळालं. पुढच्या नऊ वर्षांत नलिनी जयवंत, ललिता पवार, नंदा, आणि लागोपाठ दोन वर्षं शशिकला. इतक्या मराठी मुली. आपण याचा अभिमान बाळगतो आणि तो बाळगावाही. पण 'साहाय्यक' कुणाच्या? तर नायिकेच्या. आणि नायिका बहुधा नायकाच्या. म्हणजे साहाय्यकाची साहाय्यक.

शशिकला काही पहिल्यापासून खलनायिका नव्हती. शांतारामबापूंच्या 'तीन बत्ती चार रास्ता'मध्ये (१९५३) होती. बिमल रॉय यांच्या 'सुजाता'मध्ये (१९५९) ती घरातली सख्खी लेक झाली, रमा. बिनधास्त, हसरी, मनात काही न ठेवणारी. आपल्या घरात वाढलेली सुजाता अस्पृश्य म्हणून जन्मली, याचा त्या रमाला विटाळ नाही. चांगलं काम आहे ते. (त्या सिनेमातली अस्पृश्य मुलगी नूतननं केली. उत्तम केली. ते काम करायला त्या समाजातलीच मुलगी घ्यावी असं त्या वेळी कुणाच्या मनातही आलं नसेल, एवढंच म्हणते आणि पुढं जाते.) 'अनुपमा'मधली (१९६६) तिची बडबडी मैत्रीण बघा. सिनेमाभर नायिका गप्प, आणि हिच्या तोंडाला खळ नाही.

पण नाव झालं ते 'आरती' (१९६२) आणि 'गुमराह' (१९६३) या दोन सिनेमांनी, आणि दोन्हींत ती वाईट.

'आरती'मध्ये ती मोठी जाऊ. धाकटी, म्हणजे मीनाकुमारी, शिकलेली डॉक्टर. ती घरात आल्यावर मोठीचा जळफळाट. ही जाऊ तुम्ही पाहिली नसेल तरी तुम्हाला माहीत आहे. आताच्या मालिकांमध्ये रोज संध्याकाळी येते.

'गुमराह'ची गोष्ट मात्र सविस्तर सांगते. एका मुलीचं एका चित्रकारावर प्रेम आहे. बहीण अचानक मरते. तिची लेकरं उघड्यावर पडू नयेत म्हणून ही बहिणीच्या नवऱ्याशी, आपल्या मेहुण्याशी लग्न करते. तिची काय इच्छा, हा प्रश्नच येत नाही. हे आपल्याकडं आजही होतं, तुम्ही मान हलवताय म्हणजे माहीत आहे. लग्नानंतर तो जुना चित्रकार पुन्हा भेटतो, ती त्याला भेटायला जाऊ लागते. मग एक दिवस एक बाई दारात येते. म्हणते, मी त्याची बायको. मला सगळं माहीत आहे. गप्प राहायचं तर पैसे काढ. ती बाई शशिकला. ती अशी काही छळते त्या नायिकेला, की बघणाऱ्याला घाम फुटावा. केव्हाही येते, घरात बिनदिक्कत बसते, हसते. ते हसणं लोकांच्या कायमचं लक्षात राहिलं.

आणि शेवटी कळतं काय? ती चित्रकाराची बायको नाहीच. ती आहे नायिकेच्या नवऱ्याच्या ऑफिसातली सेक्रेटरी! नवऱ्याला बायकोचं कळलेलं असतं. तो स्वतः एका शब्दानं तिला विचारत नाही. आपल्याकडं पगारावर असलेल्या बाईला सांगतो, तू जा आणि हिला घाबरव. बायको वठणीवर येते, चित्रकाराला दार बंद करते. नवरा शेवटपर्यंत समंजस, धीरगंभीर, मोठ्या मनाचा. आणि तंबूतल्या आपल्या मावश्या बोटं मोडतात कुणाच्या नावानं? त्या सेक्रेटरीच्या.

मी हा सिनेमा फार उशिरा पाहिला. आधी पाहिला असता तर बरं झालं असतं असं वाटतं, त्याला कारण आहे.

एम.एस.डब्ल्यू. करून मी नुकतीच कामाला लागले होते. समुपदेशन केंद्रात एक मुलगी आली, चोवीस-पंचवीसची. सासरच्यांनी मारून बाहेर काढलेली, कडेवर मूल. तिला म्हटलं, कोण त्रास देतं? म्हणाली, "माझी मोठी जाऊ. कळलावी आहे. तिनंच सगळ्यांचे कान भरले." तिची आईही तेच म्हणाली. सासू तेच, नवरा तेच. सासरे तर हात जोडून म्हणाले, "बायकांची भांडणं, ताई. आम्ही पुरुष काय बोलणार!" मी केसपेपरवर लिहिलं, 'मुख्य त्रास : मोठी जाऊ'. तीन महिने मी त्या जावेला बोलावत होते, आणि ती येत नव्हती. तिचं न येणं हाही मी पुरावाच धरला.

मग एके दिवशी ती एकटी आली. केंद्र बंद करायची वेळ झालेली. उभ्यानंच बोलली. म्हणाली, "मी बोलले ते खरं आहे. शिव्या दिल्या, माहेरून पैसे आण म्हणाले, तेही खरं. पण बोअर मारायला पैसा कुणाला पाहिजे होता? माझ्या नावावर रान आहे का? मला सांगितलं होतं, तू बोल. आम्ही बोललो तर पोलीस येतात. नाही बोललीस तर तिच्याबरोबर तूही जा." तिला दोन मुली होत्या, मुलगा नव्हता. तिनं पाणीही घेतलं नाही. निघताना म्हणाली, "लिहून घेऊ नका."

तिचं त्या दिवशीचं बोलणं मी लिहून घेतलं नाही. आज सांगतेय तेही गाव, आडनाव, खुणा वगळून. पण जुन्या केसपेपरवरचं ते माझं वाक्य अजून तसंच आहे. पाच वर्षं शिक्षण, त्यात स्त्री-अभ्यासाचा एक पेपर, आणि मी तंबूतल्या प्रेक्षकासारखी बोटं मोडत बसले होते. धाकटीला पुढं कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याखाली (२००५) पोटगीचा आदेश मिळाला. मोठी त्याच घरात राहिली. ती परत कधी माझ्याकडं आली नाही, आणि मला तिच्याकडं जाता आलं नाही. मी गेले असते तर तिचंच काय झालं असतं कोण जाणे.

याचा अर्थ बाई बाईला छळत नाही असा नाही. छळते. मार खाणारीला तो हात कुणाचा होता यानं काही फरक पडत नाही. जाऊ, सासू, नणंद यांच्याही विरुद्ध तक्रार करता येते आणि जिथं खरं असेल तिथं करावीच. ४९८-अ कलम होतं, ते १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत ८५ झालंय, तेवढं डोक्यात ठेवा. माझं म्हणणं एवढंच की फिर्याद लिहिताना विचारा, पैसा कुणी मागितला? जमीन कुणाच्या नावावर? बोलायला कुणी लावलं?

आता शशिकलेच्या आधीच्या एका बाईकडं वळते. ललिता पवार. येवल्याच्या. जन्म १९१६चा. मूकपटांपासून कामं करत होत्या, नायिका होत्या, सिनेमाची निर्मितीही केली. टॉलस्टॉयच्या कादंबरीवरून त्यांनी १९३८ मध्ये 'दुनिया क्या है' काढला, त्या वेळी त्या बावीस वर्षांच्या. आपल्यापैकी कितीजणींना हे माहीत होतं? मलाही नव्हतं. मला मंथरा माहीत होती.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांनी त्यांना थोबाडीत मारायची असा प्रसंग होता. थप्पड फार जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली. तीन वर्षं उपचार चालले. डावा डोळा कायमचा बारीक झाला. वय सव्वीस. नायिकेच्या भूमिका संपल्या. कामावर असताना झालेली इजा आहे ही. गिरणीत एखाद्या कामगाराचा हात पट्ट्यात गेला असता तर निदान नुकसानभरपाईचा कायदा तरी होता.

आणि मग सिनेमानं काय केलं? तो मिचकावलेला डोळा हाच दुष्टपणाची खूण म्हणून वापरला. जी बाई स्वतः मार खाऊन अधू झाली, तिचं अधूपण सुना छळणाऱ्या सासूचं चिन्ह झालं. १९८७ मध्ये 'रामायण' मालिकेत मंथरा झाल्या तोवर तो डोळा अख्ख्या देशाला ओळखीचा होता. त्यांनी तक्रार केली नाही, त्याच डोळ्यावर पोट भरलं, आणि इतकं उत्तम काम केलं की त्यांच्याशिवाय सासू रंगेना. 'श्री ४२०'मधली (१९५५) केळीवाली बघा. 'अनाडी'मधली (१९५९) मिसेस डिसा बघा. वरून काटेरी, आतून माया. त्या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. म्हणजे चांगली बाई करता येत होती, पण देणारे थोडे होते. 'नीलकमल'मध्ये (१९६८) तर वहिदा रेहमानच्या छळाला एकाच घरात सासू ललिता पवार आणि नणंद शशिकला. येवला आणि सोलापूर एकत्र आल्यावर सून काय टिकणार! १९९८ साली ललिताबाई पुण्यात घरी एकट्या असताना वारल्या. पती दवाखान्यात होते. नंतर कळलं.

वयाचाही एक हिशोब सांगते, मला तो फार बोलका वाटतो. लीला चिटणीस आणि अशोककुमार ही १९३९ ते ४१ ची जोडी. 'कंगन', 'बंधन', 'झूला'. दोघं साधारण एका वयाचे, त्या दोन वर्षांनी मोठ्या. १९४८ मध्ये 'शहीद'मध्ये लीलाबाई दिलीपकुमारची आई झाल्या, १९५१ मध्ये 'आवारा'त राज कपूरची. पुढं आयुष्यभर त्या आईच. आणि अशोककुमार? 'गुमराह'मधला तो समंजस नवरा म्हणजे अशोककुमार. वय एक्कावन्न. बायको झालेली माला सिन्हा सव्वीसची.

हे आपल्याकडंच आहे असं नाही. अमेरिकेत ऑस्करमध्ये साहाय्यक भूमिकांसाठी पारितोषिक सुरू झालं तेव्हा पहिली काही वर्षं मुख्य नटांना पुतळा आणि साहाय्यकांना नुसती पाटी मिळायची. अशीच एक पाटी १९४० साली हॅटी मॅकडॅनियल या कृष्णवर्णीय नटीला मिळाली, 'गॉन विथ द विंड'मधल्या मोलकरणीच्या कामासाठी. ऑस्कर मिळवणारी ती पहिली कृष्णवर्णीय व्यक्ती. तिचे आई-वडील गुलामगिरीत जन्मलेले. समारंभात तिला बाकीच्या नटांबरोबर बसू दिलं नाही, भिंतीकडेला वेगळं टेबल मांडलं होतं. पारितोषिकानंतरही भूमिका मिळाल्या त्या बहुतेक मोलकरणीच्याच. थेल्मा रिटर म्हणून दुसरी एक होती, गोरी, तिखट जिभेची. १९५० ते १९६२ या काळातल्या कामांसाठी सहा वेळा नामांकन, एकदाही पारितोषिक नाही. तिच्या कामांतही मोलकरणी आणि आया भरपूर. घरकाम करणारी बाई सगळ्या जगात 'साहाय्यक'च धरलेली आहे.

जाता जाता कुंकवाचं. 'फूल और पत्थर' (१९६६) बघताना माझ्या मनात ते आलं. त्यात मीनाकुमारी विधवा, कपाळ मोकळं, पांढरी साडी. शशिकला क्लबात नाचणारी. दोघीही घराबाहेर टाकलेल्याच, पण प्रेक्षकाची माया एकीलाच. कुणाचं कपाळ कशामुळं मोकळं आहे यावर बाईची किंमत ठरते. कुंकू पिकवणाऱ्या गावात मी हे बोलतेय आणि तुम्ही ऐकून घेताय. त्याच करमाळा तालुक्यातल्या प्रमोद झिंजाडे यांनी, आपल्या माघारी बायकोचं कुंकू पुसू नये, बांगड्या फोडू नयेत, असा आग्रह धरला. मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीनं तसा ठराव केला, आणि मग शासनानंही इतर गावांना तसं करायला सांगितलं. केममध्ये असा ठराव आणायचा का, हे आपण दुपारच्या चर्चेत बोलू. सकाळच्या त्या कारखान्यात दोघीजणी अशा होत्या ज्यांचे हात लाल होते आणि कपाळ कोरं.

शशिकलेचं पुढं काय झालं ते सांगायचं राहिलं. लग्न झालं, दोन मुली झाल्या. संसार विस्कटला. ती घर सोडून परदेशी गेली, तिथं निराशा पदरी आली, परतली. मग कलकत्त्याला मदर तेरेसांच्या संस्थेत काही वर्षं आजाऱ्यांची सेवा केली. या गोष्टी तिनं स्वतःच मुलाखतींत उघड सांगितल्या. लोकांनी त्यावरही म्हटलं, पडद्यावरच्या पापाचं प्रायश्चित्त करते! कसलं पाप? बाई नोकरी करत होती. 'खूबसूरत'मध्ये (१९८०) ती पुन्हा मोठी सून झाली, पण या वेळी कुणाचं घर न फोडणारी. पुढं 'सोनपरी' मालिकेत मुलांना भेटली. २००७ मध्ये पद्मश्री मिळालं. ४ एप्रिल २०२१ ला मुंबईत गेली, अठ्ठ्याऐंशी वर्षांची होऊन. टाळेबंदीचे, आजाराचे दिवस होते. बातमी कुठंतरी आतल्या पानावर वाचल्याचं मला आठवतं.

तर आज रात्री आठ वाजता शाळेच्या पटांगणात 'गुमराह' दाखवणार आहोत. पडदा आणलाय, लाइट गेली तर जनरेटर सांगून ठेवलाय. स्वयंपाक लवकर उरका, किंवा एक दिवस दुसऱ्या कुणाला तरी उरकू द्या. सकाळच्या मावशींनी येते म्हणून कबूल केलंय. त्यांची सून म्हणाली, मीही येते, पण आमच्या जाऊबाईंनाही आणते, दोघी मिळून बघतो.